येवल्याची अंबा, पडद्यावरची सासू

मंडळी, नाशिकला आलेल्या यात्रेकरूला पंचवटीत सीतागुंफा दाखवतात, काळाराम मंदिर दाखवतात, पुढे तपोवनात नेतात. राम, सीता आणि लक्ष्मण वनवासात येथे राहिले, अशी आपल्या भागाची पिढ्यान्‌पिढ्यांची श्रद्धा आहे. आता मला सांगा, अयोध्येचे राजपुत्र गोदाकाठच्या या रानात आलेच कशाला? कैकेयीने वर मागितले म्हणून. बरे, त्या जुन्या वरांची आठवण कैकेयीला कोणी करून दिली? मंथरेने. कैकेयीच्या माहेराहून आलेली ही दासी. कथेत तिचा वावर घटकाभराचा. पण ती बोलली नसती, तर पुढचे रामायण घडलेच नसते.

१९८७ साली दूरदर्शनवर रामानंद सागर यांची ‘रामायण’ मालिका सुरू झाली. तिच्यात मंथरेचे काम करणाऱ्या बाई आपल्या नाशिक जिल्ह्यातल्याच होत्या, येवल्याच्या. त्यांचे नाव ललिता पवार. मूकपटांच्या दिवसांत लहान मुलगी म्हणून त्या पडद्यावर आल्या आणि सत्तरी ओलांडल्यावर दूरदर्शनच्या पडद्यावरही गाजल्या. मधल्या साठ वर्षांत त्यांनी शेकडो चित्रपटांत कामे केली. त्या नुसत्या प्रसिद्ध होत्या म्हणून नव्हे, तर दुय्यम म्हटल्या जाणाऱ्या कामाची थोरवी त्यांच्या आयुष्यातून समजते, म्हणून आज त्यांच्याविषयी बोलायचे आहे.

चित्रपटात नायक-नायिका असतात, तसे इतरही असतात. आई, सासू, सावकार, शेजारीण, मास्तर, नोकर. ही कामे करणाऱ्यांना चरित्रनट किंवा चरित्र अभिनेत्री म्हणतात. जाहिरातीत त्यांचे नाव खाली आणि बारीक अक्षरांत. पण बैलगाडीचे पाहा ना. चाके सगळ्यांना दिसतात, रंगवलेली असली तर आणखीच दिसतात. आखाकडे कोणी ढुंकून पाहत नाही. तो मोडला म्हणजे मात्र गाडी जागच्या जागी बसते. चरित्रनट हा कथेचा आख असतो.

ललिताबाईंचा जन्म १८ एप्रिल १९१६ रोजी येवल्याला झाला. घरचे नाव अंबा. वडील लक्ष्मणराव शगुन हे रेशमी आणि सुती कापडाचे व्यापारी. येवले म्हणजे पैठणीचे गाव, तेव्हा घरात रेशमाचा व्यापार असणे नवलाचे नाही. हेच येवले तात्या टोप्यांचे जन्मगाव. आणि डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १३ ऑक्टोबर १९३५ रोजी धर्मांतराची घोषणा केली, तीही याच गावात. या घोषणेची आठवण ठेवा, पुढे तिच्याकडे पुन्हा यायचे आहे.

अंबा जन्मली तेव्हा आपला सिनेमा अवघा 3 वर्षांचा होता. त्र्यंबकेश्वरी जन्मलेल्या दादासाहेब फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या गिरगावातल्या कॉरोनेशन थिएटरात लागला. त्यात तारामतीचे काम अण्णा साळुंके या पुरुषाने केले होते, कारण सिनेमात काम करायला एकही स्त्री तयार होईना. त्याच वर्षी ‘मोहिनी भस्मासुर’ चित्रपटात दुर्गाबाई कामत आणि त्यांची लेक कमलाबाई या मायलेकींनी ती कोंडी फोडली. तरीही पुढची कित्येक वर्षे घरंदाज म्हणवणाऱ्या कुटुंबांना सिनेमा म्हणजे वाट चुकल्याची खूण वाटे. अशा काळात येवल्याच्या व्यापाऱ्याची मुलगी कॅमेऱ्यापुढे उभी राहिली. पुण्यात सरपोतदारांच्या आर्यन फिल्म कंपनीत तिने बालकलाकार म्हणून सुरुवात केली, आणि अंबाची ललिता झाली.

तेव्हाचे चित्रपट मुके होते. नटाला शब्दांचा आधार नाही. राग, भीती, कपट, माया, सारे काही डोळ्यांनी, मानेने आणि हाताच्या बोटांनी सांगायचे. प्रसंगाचा अर्थ पडद्यावर अक्षरांत लिहून येई, पण ती अक्षरे वाचता येणारे प्रेक्षक किती असणार? बाकीचे सारे नटाच्या चेहऱ्यावरच वाचत. ललिताबाईंची शाळा ही अशी. १९३१ साली ‘आलम आरा’ने सिनेमाला वाचा फुटली, तेव्हा मूकपटातले पुष्कळ नट मागे पडले. ललिताबाई टिकल्या, कारण त्यांना आवाज होता आणि गाताही येत होते. १९३५ सालच्या ‘हिम्मत-ए-मर्दां’ या चित्रपटात त्यांनी आपली गाणी स्वतःच गायिली.

त्या दशकात त्या नायिका होत्या. पौराणिक चित्रपट, साहसाचे चित्रपट, दोन्हींत त्यांना मागणी होती. एवढेच नव्हे, त्या निर्मितीतही उतरल्या. १९३२ सालचा ‘कैलास’ हा मूकपट आणि १९३८ सालचा ‘दुनिया क्या है’ हा बोलपट यांच्या निर्मितीत त्यांचा वाटा होता. दुसऱ्याची कथा रशियाच्या टॉलस्टॉयच्या ‘पुनरुत्थान’ या कादंबरीवर आधारलेली. बाविशीतली एक मराठी बाई टॉलस्टॉयच्या कथेवर चित्रपट काढते, ही गोष्ट सोपी नव्हे. १९४१ साली मास्टर विनायकांच्या ‘अमृत’ या चित्रपटातही त्यांनी काम केले. त्याची कथा होती वि. स. खांडेकरांची.

आणि मग १९४२ साल उजाडले. ‘जंग-ए-आझादी’ नावाच्या चित्रपटाचे चित्रण चालू होते. प्रसंगात सहकलाकाराने त्यांच्या थोबाडीत मारायची होती. तो सहकलाकार म्हणजे भगवान पालव, पुढे ‘अलबेला’मुळे घराघरांत माहीत झालेले भगवानदादा. हात जोराचा बसला. डाव्या डोळ्याची शीर फुटली, चेहऱ्याच्या एका बाजूला लकवा झाला. उपचार दीर्घकाळ चालले. चेहरा पुष्कळसा सुधारला, पण डावा डोळा कायमचा बारीक राहिला.

मंडळी, क्षणभर विचार करा. वय सव्वीस. धंदा चेहऱ्याचा. शेतकऱ्याच्या पेरणीच्या तोंडावर बैल बसावा, विणकराचा हात मोडावा, त्यातलाच हा प्रकार. नायिकेची कामे संपली. अशा वेळी पुष्कळ माणसे घरी बसतात, आणि त्यांना कोणी दोषही देत नाही. ललिताबाई घरी बसल्या नाहीत. नायिका होता येत नाही, तर नायिकेच्या भोवतालची माणसे व्हायचे, असे त्यांनी ठरवले. ज्या डोळ्याने त्यांची जुनी कामे नेली, तोच डोळा पुढे प्रेक्षकांच्या ओळखीची खूण झाला.

येथे एक गोष्ट नीट ध्यानात घेतली पाहिजे. “डोळा बारीक झाला म्हणून बाई खाष्ट दिसू लागली आणि म्हणून यश मिळाले” असे लोक सहज बोलून जातात. ते अर्धेच खरे. नुसत्या बारीक डोळ्याने यश मिळत असते, तर अभिनय शिकायची गरज कोणाला पडली नसती. अपघाताच्या आधी दीड दशक त्यांनी मूकपटात आणि बोलपटात घाम गाळला होता. बोलण्याआधी किती थांबायचे, पदर केव्हा सावरायचा, नजर केव्हा वळवायची, हे सारे अंगात मुरलेले होते. अपघाताने चेहरा बदलला, विद्या गेली नाही. ती पुढे कामाला आली.

१९४४ साली प्रभात कंपनीचा ‘रामशास्त्री’ आला. त्यात ललिताबाई आनंदीबाई झाल्या. १७७३ साली नारायणराव पेशव्यांचा खून झाला आणि रामशास्त्री प्रभुण्यांनी राघोबादादांना निर्भयपणे दोषी ठरवले, हा इतिहास शाळेतल्या मुलांनाही ठाऊक असतो. ‘ध’चा ‘मा’ केल्याची कथा लोकांनी आनंदीबाईंना चिकटवून ठेवली आहे. आपल्या नाशिकजवळच्या आनंदवल्लीचे नावही याच आनंदीबाईंवरून पडल्याचे सांगतात. पाहा योग कसा, नाशिकच्या या लेकीच्या वाट्याला एकदा आनंदीबाई आली आणि पुढे मंथरा आली. दोघींची नावे आजही गावोगाव शिवीसारखी वापरली जातात.

पुढे हिंदी चित्रपटांत खाष्ट सासू म्हटले की ललिता पवार, असे समीकरणच झाले. १९५० साली व्ही. शांताराम यांनी ‘दहेज’ काढला. दहेज म्हणजे हुंडा. हुंड्यासाठी सुनेचा छळ करणारी सासू ललिताबाईंनी केली. मुलीचा बाप सर्वस्व विकून सामान घेऊन येतो, तोवर मुलगी हाताची गेलेली असते. हुंडाबंदीचा कायदा आला १९६१ साली. म्हणजे कायद्याच्या 11 वर्षे आधी हे चित्र लोकांसमोर होते. या सासूला पाहून थिएटरात बायका बोटे मोडत. ती बोटे खरे तर त्यांच्या कामाला मिळालेली पावती होती.

१९५९ साली बिमल रॉय यांचा ‘सुजाता’ आला. एका ब्राह्मण घरात वाढलेल्या अस्पृश्य मुलीची ही कथा. त्या मुलीला घरात पाहून नाक मुरडणारी, सोवळ्याओवळ्याचा जुना दंडक सांगणारी वडीलधारी आत्या ललिताबाईंनी उभी केली. मघाशी येवल्याच्या घोषणेची आठवण ठेवा म्हटले ते यासाठी. ज्या गावात बाबासाहेबांनी या अन्यायाविरुद्ध एवढा मोठा निर्धार जाहीर केला, त्याच गावची लेक पडद्यावर त्या अन्यायाचा चेहरा झाली. आणि असा चेहरा कोणीतरी खरा वाटेल इतका चांगला दाखवावाच लागतो. आत्या खोटी वाटली, तर सुजाताचे दुःखही खोटे वाटेल.

पण ललिताबाई म्हणजे नुसती खाष्ट सासू नव्हे. १९५५ साली राज कपूरचा ‘श्री ४२०’ आला. त्यात मुंबईच्या रस्त्यावर केळी विकणारी गंगामाई त्यांनी केली. तोंडाने फटकळ, पण शहरात नव्याने आलेल्या फाटक्या माणसाला मायेने जवळ करणारी. १९५९ सालच्या हृषिकेश मुखर्जींच्या ‘अनाडी’त त्या मिसेस डिसा झाल्या. ही ख्रिस्ती घरमालकीण भाडेकरू पोरावर सारखी खेकसते आणि त्याच्याचसाठी जीव टाकते. बनावट औषध पोटात जाऊन तिचा जीव जातो. त्या कामाबद्दल त्यांना सहायक अभिनेत्रीचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले. १९६१ साली संगीत नाटक अकादमीने त्यांना गौरविले. हृषिकेश मुखर्जींनी १९७१ च्या ‘आनंद’मध्ये पुन्हा त्यांना बोलावले, ते रुग्णालयातली करडी पण मायाळू मेट्रन म्हणून.

तीच बाई, तोच डोळा, तोच आवाज. एकदा पाहिले की राग येतो, दुसऱ्यांदा पाहिले की डोळे भरून येतात. हे कसे साधत असेल? कारण बाहेरचा कडकपणा त्या दोन्हीकडे तसाच ठेवत आणि आतला माणूस बदलत. ‘दहेज’मधली सासू कडक आहे, तिच्या आत हाव आहे. मिसेस डिसा कडक आहे, तिच्या आत एकटेपणा आहे. आपल्या गावातही अशा बाया असतातच ना? जिच्या शिव्या अख्खी आळी ऐकते, आणि कोणाच्या घरी आजार आला की पेजेचे भांडे घेऊन पहिली तीच हजर होते.

आता एक अवघड प्रश्न. या खाष्ट सासवांनी समाजाचे भले केले की वाईट? काहींचे म्हणणे असे की, सिनेमाने सासू म्हणजे दुष्ट हा साचा पक्का केला आणि हुंडा घेणारे सासरे नि गप्प बसणारे नवरे सहीसलामत सुटले. या म्हणण्यात तथ्य आहे. १९५५ सालच्या गुरुदत्तच्या ‘मिस्टर अँड मिसेस ५५’ मध्ये ललिताबाईंनी स्त्रियांच्या हक्कांसाठी भांडणाऱ्या सीतादेवींचे काम केले, आणि चित्रपटाने त्या बाईंची थट्टाच केली. ज्या वर्षी हिंदू विवाह कायद्याने घटस्फोटाचा हक्क दिला, त्याच वर्षी तो मागणाऱ्या बाईला हसण्यावारी नेले. आज पाहताना ते खटकते, आणि खटकलेच पाहिजे.

पण हा दोष प्रामुख्याने कथा लिहिणाऱ्यांचा. अभिनेत्रीने काय केले ते वेगळे पाहिले पाहिजे. १९६१ च्या ‘जंगली’त घरात हसायलाही बंदी करणारी आई त्यांनी केली. १९६२ च्या ‘प्रोफेसर’मध्ये भाच्यांना धाकात ठेवणारी मावशी केली. ही कठोर बाई म्हाताऱ्याचे सोंग घेतलेल्या मास्तराच्या चार गोड शब्दांनी आतून हलते, आरशात पाहू लागते. प्रेक्षक हसतात. पण हसता हसता त्यांच्या लक्षात येते की, या बाईशी इतक्या वर्षांत कोणी प्रेमाने बोललेलेच नाही. जुन्या काळच्या आपल्या घरात सासूच्या नावावर ना शेत, ना घर, ना पैसा. तिची सत्ता चालायची ती फक्त सुनेवर. तीही कधीकाळी कोणाची तरी सून म्हणूनच उंबरा ओलांडून आलेली. ललिताबाईंच्या चांगल्या कामांत हे भय दिसते, हातातली किल्ली जाण्याचे भय. साच्यातल्या भूमिकेत त्यांनी माणूस ओतला, तो असा.

२५ जानेवारी १९८७ पासून दर रविवारी सकाळी ‘रामायण’ लागू लागले. चित्रण महाराष्ट्राच्या सीमेलगत गुजरातेतल्या उंबरगावला होई. दशरथ झाले बाळ धुरी आणि कौसल्या झाल्या जयश्री गडकर, दोघेही आपले मराठी कलावंत आणि खऱ्या संसारातही पतिपत्नी. कैकेयी झाल्या पद्मा खन्ना. आणि मंथरा, ललिताबाई. तेव्हा खेड्यापाड्यांत दूरचित्रवाणी संच मोजकेच. ज्याच्या घरी संच, त्याच्या ओसरीवर सारी आळी जमे. त्या पिढीच्या अनेकांनी मंथरा पाहिली ती पहिल्यांदा अशी. वाकलेली पाठ, हातातली काठी, एक डोळा बारीक. रामाला चौदा वर्षे वनात धाडणारे शब्द ती बोलली आणि ओसरीवरची म्हातारी माणसे हळहळली. २०२० साली टाळेबंदीत हीच मालिका दूरदर्शनने पुन्हा दाखवली, तेव्हा नातवंडांनीही त्याच मंथरेचा राग केला.

मूकपटात अक्षरे न वाचणाऱ्या प्रेक्षकासाठी जी बाई चेहऱ्याने बोलायला शिकली, तिने म्हातारपणी घराघरांतल्या छोट्या पडद्यावर तीच विद्या वापरली. मधल्या काळात मूकपट गेले, काळे-पांढरे चित्रपट गेले, रंग आले, दूरदर्शन आले. सोबतच्या नायिका आल्या नि निवृत्त झाल्या. नायिकेच्या कामाला वय असते, चरित्रनटाच्या कामाला नसते. उलट वय वाढले की भांडवल वाढते. २४ फेब्रुवारी १९९८ रोजी पुण्यात ललिताबाईंचे निधन झाले. तेव्हा त्या एक्याऐंशी वर्षांच्या होत्या.

शिक्षक बंधुभगिनींना जाता जाता एक सांगणे. शाळेच्या स्नेहसंमेलनात रामायणातला प्रवेश बसवायचा ठरला की राम व्हायला दहा मुले पुढे येतात, सीता व्हायला दहा मुली येतात. मंथरेचे नाव निघाले की सगळ्या खाली पाहतात. मग तुम्ही एखाद्या गप्प बसणाऱ्या मुलीच्या गळ्यात ती भूमिका घालता आणि वर्षभर पोरे तिला मंथरा म्हणून चिडवतात. असे होऊ देऊ नका. ती भूमिका वर्गातल्या सर्वांत विचारी मुलीला द्या आणि तिला आधी विचारा, “बाळ, मंथरेला भीती कशाची वाटत असेल?” या प्रश्नाचे उत्तर शोधताना ती मुलगी जे शिकेल, ते रामाचा मुकुट घालून मिळायचे नाही. आणि प्रयोग झाल्यावर सगळ्यांत आधी टाळ्या तिच्यासाठी वाजवा.